ल्योंमध्ये एकच दिवस (गुरुवार): जेवण, वाईन आणि जुनं शहर कसं बसवावं?

दोन_तिकिटे

ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात एका गुरुवारी पॅरिसहून ल्योंला जाऊन त्याच रात्री परतायचं आहे. सकाळी 9 ला पार-द्यू स्टेशनवर उतरू, परतीची गाडी रात्री 9 ची. दोघे आहोत. एक जण सगळं खातो. दुसरी व्यक्ती शाकाहारी, पण अंडी आणि चीज चालतं. वाईन आवडते, त्यातलं कळत मात्र फारसं नाही. कितीही चालू, पण चढ जरा कमी असलेला बरा.

बूशोंमध्ये (ल्योंच्या पारंपरिक खाणावळीत) एकदा तरी जेवायचं आहे, त्राबूल (जुन्या इमारतींतले बोळ) बघायच्या आहेत आणि एखादं संग्रहालय. द्राक्षमळेही त्याच दिवशी जमतील का? सकाळचा 'माशों' म्हणजे नक्की काय, आणि तो करून परत दुपारी जेवता येतं का? माहीतगारांनी क्रम सुचवावा.

---

रेशीमवाट

गुरुवार निवडलात हे उत्तम. सोमवारी पॉल बोक्यूझ बाजारातले बहुतेक गाळे, रोमन अवशेषांचं लुग्दुनुम संग्रहालय आणि ल्युमिएर बंधूंचं संग्रहालय बंद असतं. मंगळवारी ललित कला संग्रहालय बंद. शनिवार-रविवारी बरेच बूशों बंद, रविवार-सोमवारी तर इतर चांगली स्वयंपाकघरंही. आठवड्याच्या मधले वारच काय ते निर्धोक.

आधी दुपारचं जेवण पक्कं करा, मग बाकीचा दिवस त्याच्या अलीकडे-पलीकडे रचा. इथे दुपारची ऑर्डर 12 ते साधारण 1:30 एवढ्याच वेळात घेतात. 2 नंतर स्वयंपाकघर थंड, ते थेट संध्याकाळी 7 ला पेटतं. सगळ्यात जास्त लोक फसतात ते इथेच: गल्ल्यांमध्ये रमतात, सव्वादोनला भूक लागते, आणि खाण्यासाठी नावाजलेल्या शहरात कोरडं सँडविच चावत बसतात. 12:15 चं टेबल आधी राखून ठेवा. रात्री 9 ची गाडी असल्यामुळे तुमचं मोठं जेवण दुपारीच व्हायला हवं. संध्याकाळी साडेसातला बसलात तर शेवटचा पदार्थ टाकून पळावं लागेल.

आता नकाशा. शहरात दोन नद्या आहेत, पश्चिमेला सॉन आणि पूर्वेला ऱ्होन. त्यांच्यामधली जिभेसारखी पट्टी म्हणजे प्रेस्कील. तिच्या उत्तरेला क्रुआ-रूसची टेकडी, सॉनच्या पलीकडे फूर्व्हिएरची. ल्योंकर एकीला राबणारी टेकडी म्हणतात आणि दुसरीला प्रार्थना करणारी: क्रुआ-रूसवर रेशीम विणणारे कानू राहायचे, फूर्व्हिएरवर बॅसिलिका आणि मठ. दोन्ही टेकड्यांना एकच युक्ती लागू पडते, वर चाकांवर जायचं आणि खाली पायी यायचं. चढाचा प्रश्न तिथेच मिटतो.

सकाळी पार-द्यूला पिशव्या लॉकरमध्ये टाका. मेट्रो बी ने शार्पेन, तिथून ए ने ओतेल द व्हील, तिथून सी. ही सी लाईन दातेरी रुळावर चढते, क्रुआ-रूस स्टेशनला उतरलात की टेकडीच्या माथ्यावर असता. हमरस्त्यावर मंगळवार ते रविवार सकाळी भाजी-फळं-चीजचा बाजार भरतो, तो दुपारी 1 पर्यंत आवरतो. तिथून पूर्वेच्या टोकाला 'ग्रो कायू' नावाच्या मोठ्या धोंड्यापर्यंत चालत जा. बोगदा खणताना निघालेला हा धोंडा तसाच जपून ठेवलाय.

उतरायचा रस्ता असा: ग्रो कायूपासून प्लास कोल्बेर. तिथल्या 9 नंबरच्या दारातून आत शिरलात की कूर दे व्होरास, सहा मजले चढत गेलेला उघडा दगडी जिना. त्राबूल एकच बघायची असेल तर ही बघा. खाली र्‍यू अँबेर-कोलोमेसवर बाहेर पडा. त्याच रस्त्याच्या 20 नंबरमधून शिरलं की 55, र्‍यू दे ताब्ल-क्लोदिएनला निघता. समोरच रोमन अँफिथिएटरचे अवशेष, इ. स. 19 मधले. तसेच खाली उतरत प्लास दे तेरो गाठा. न थांबता अर्धा तास लागतो, बघत बघत सव्वा तास धरा.

वाटेत वर बघायला विसरू नका. घरांच्या खिडक्या इतक्या उंच का, तर जाकारचा माग सुमारे 4 मीटर उंच असायचा. तो मावावा म्हणून खोल्यांची छतं तेवढी उंच बांधली. त्राबूल म्हणजे इमारतींच्या पोटातून जाणारा बोळ. तयार कापड पावसात न भिजवता खाली व्यापाऱ्यापर्यंत नेण्यासाठी विणकरांना त्यांचा फार उपयोग होता. 1831 आणि 1834 च्या उठावांत हेच बोळ त्यांच्या कामी आले.

या खासगी इमारती आहेत, त्यात लोक राहतात. महापालिका आणि घरमालक यांच्यातल्या करारामुळे काही बोळ लोकांसाठी उघडे राहतात. शेकडो त्राबूल आहेत, पैकी जेमतेम 40 च्या आसपास अशा खुल्या. दार लावलेलं दिसलं तर आकड्यांच्या पट्टीवरचं 'सेर्व्हिस' किंवा 'पोर्त' लिहिलेलं बटण दाबून बघा, सकाळी ते बहुधा चालतं. दुपारनंतर बरीच दारं फक्त कोडवर उघडतात. म्हणून त्राबूल सकाळीच. आत मोठ्याने बोलू नका आणि जिने चढू नका.

---

चिमटीभर

माशोंचं आधी सांगतो. पहाटेपासून मागावर बसलेल्या कानूंची सकाळी 9 च्या सुमाराची ही न्याहारी: सॉसेज, ग्रातों (डुकराच्या चरबीचे तळलेले तुकडे), आतड्यांचे पदार्थ, चीज, आणि सोबत बोजोले वाईन. हलका नाश्ता समजून जाऊ नका. माशों केल्यावर साडेबाराला बूशोंमध्ये बसलं तर दुसऱ्या पदार्थालाच हात टेकाल. शिवाय मोजक्याच जागा तो देतात, तोही ठराविक वारी आणि आधी सांगून. तुमच्या शाकाहारी जोडीदाराला तर त्यात पाव आणि चीज सोडून काही नाही. यावेळी सोडा.

बूशों निवडताना दारावर 'ले बूशों लिओने' ही 2012 पासूनची मान्यतेची पाटी आहे का ते बघा. पाटी नसलेल्या काही चांगल्या जागा आहेत, पण जुन्या शहरात र्‍यू सें-जाँवर लाल चौकड्यांचे टेबलक्लॉथ आणि सहा भाषांतली मेनूकार्डं मांडलेल्या बऱ्याच जागा फक्त देखाव्याच्या आहेत. दारात उभं राहून आत बोलावणारा माणूस दिसला की पुढे चला. तेरो आणि प्रेस्कीलच्या गल्ल्या त्यापेक्षा भरवशाच्या, आणि रेशीमवाट यांच्या रस्त्याने तुम्ही तिथेच उतरताय.

दुपारचा ठरलेला मेनू (सुरुवात, मुख्य पदार्थ, चीज किंवा गोड) साधारण 20 ते 30 युरोंना बसतो. सेवाशुल्क किमतीतच धरलेलं असतं, टीप सक्तीची नाही. 'उन काराफ दो' मागितलं की नळाचं पाणी फुकट मिळतं. नुसतं 'ओ' म्हणालात तर विकतची बाटली येईल. आणि 'आंत्रे' म्हणजे इथे सुरुवातीचा पदार्थ, मुख्य जेवण नव्हे.

सगळं खाणाऱ्याने कनेल घ्यावी. पाईक माशाचा गर, लोणी, मैदा, दूध आणि अंडी घोटून केलेला हा लांबट गोळा आधी उकळीखालच्या पाण्यात शिजवतात, मग नांतुआ सॉसमध्ये (क्रेफिशचा सॉस) ओव्हनमध्ये फुगवतात. चांगली कनेल ओव्हनमधून येते तेव्हा दुप्पट फुगलेली असते आणि गार होताना बसायला लागते. फोटो काढत राहिलात तर ताटात चिवट गोळा उरेल. ओव्हनला वीसेक मिनिटं लागतात, म्हणून ती उशिरा आली तर चांगलं लक्षण समजा. पाच मिनिटांत आलेली, सगळीकडून सारखी गोल, दाताखाली रबरासारखी लागणारी कनेल कारखान्यातली.

आंदुइएत आतड्यांचं असतं आणि त्याचा वास उग्र. तो बिघाड नाही, पदार्थच तसा आहे. तयारी नसेल तर मागवू नका. ताब्लिए द सापर जरा सौम्य: गाईच्या पोटाचा तुकडा पांढऱ्या वाईनमध्ये मुरवून, पावाचा चुरा लावून तळलेला.

शाकाहारी बाजू इथे खरोखर अवघड आहे, पण अशक्य नाही. टेबल राखतानाच सांगा. वाक्य हे: "ज न मांज नी व्हियांद नी प्वासों." नुसतं 'व्हेजेतारिएन' म्हटलं तर लार्दों, म्हणजे बेकनचे बारीक तुकडे, मांसात धरले जातीलच असं नाही. त्यातली मोठी फसवणूक सालाद लिओनेझमध्ये (लार्दों आणि अंडं घातलेलं पानांचं सॅलड). "सां लार्दों" म्हटल्यावर वरचे तुकडे काढतात, पण ड्रेसिंग बऱ्याच ठिकाणी लार्दों परतलेल्याच तव्यात व्हिनेगर घालून करतात, सगळी चरबी पानांवर येते. ड्रेसिंग वेगळं करायला सांगा. अंडी वाईन-सॉसमध्ये देतात त्या पदार्थात लार्दों असतात. कांद्याचं सूप बहुधा गोमांसाच्या पाण्यावर केलेलं असतं.

मग काय खायचं? 'कनेल नातूर' मिळते, मासा नसलेली. फक्त तिच्यावर नांतुआ नको, साधं क्रीम किंवा मशरूम सॉस मागा. दोफिने प्रांताचे रव्हिओल, म्हणजे चीज भरलेल्या पास्त्याच्या छोट्या पुड्या. बटाट्याचा ग्रातँ दोफिनुआ, ज्यात खरं तर दूध, क्रीम आणि लसूण एवढंच असतं. आणि सेर्व्हेल द कानू. नावाचा अर्थ 'विणकराचा मेंदू', पण आहे तो निव्वळ ताज्या चीजचा पदार्थ, थंड, पावाला लावून खायचा. गोडात तार्त ओ प्रालीन, गुलाबी साखरेत घोळलेले बदाम क्रीममध्ये विरघळवून केलेली. काटेकोर शाकाहारी असाल तर दोन गोष्टी लक्षात असू द्या: पारंपरिक चीजमध्ये दूध साकळवायला प्राण्यांचं रेनेट असतं, आणि काही प्रालीनचा गुलाबी रंग कोशिनील किड्याचा असतो.

---

तळघर

द्राक्षमळे त्याच दिवशी नकोत. बोजोलेची गावं उत्तरेला, कोत-रोती वाईनचं गाव आंपुई दक्षिणेला तीसेक किलोमीटरवर. आंपुईला प्रवासी रेल्वे नाही, बोजोलेत स्टेशनपासून मळे लांब. गाडी भाड्याने घ्यावी तर चाखणार कोण आणि चालवणार कोण? मर्यादा रक्तात लिटरला 0.5 ग्रॅम आहे. कधी दुसरा दिवस मिळाला तर रेल्वेने ताँ-लेर्मिताजला जा, तासाभराचा प्रवास. एर्मिताजची टेकडी गावाच्या पाठीलाच उभी आहे आणि तळघरं स्टेशनपासून चालत गाठता येतात.

ल्योंमध्ये बसूनच दोन्हीकडच्या वाईन मिळतात, हीच या शहराची खरी श्रीमंती. शहराला ऱ्होन, सॉन आणि बोजोले अशा तीन नद्या आहेत असं इथे म्हणतात.

बूशोंमध्ये 'पो' मागवा. जाड बुडाची 46 सेंटिलिटरची बाटली, 12 सेंटिलिटरचे जवळजवळ चार ग्लास. दोघांना दुपारी पुरते, अख्खी बाटली घेऊ नका, पुढे चालायचं आहे. पोमध्ये बहुधा बोजोले किंवा कोत द्यु ऱ्होन असते. या जेवणाला बोजोले घ्या. कारण सोपं आहे: गामे द्राक्षात आम्लता भरपूर, टॅनिन (तुरटपणा) कमी. लोणी आणि चरबीने जड झालेली जीभ ती धुऊन काढते. सॅलडच्या व्हिनेगरपुढेही ती टिकते, सिराह द्राक्षाची जड वाईन तिथे कडवट लागते. कनेलबरोबर मात्र माकोंनेची पांढरी वाईन जास्त जुळते.

बोजोले 13-14 अंशांना हवी. गरम खोलीत उभी राहिलेली पो आली तर बर्फाच्या भांड्यात दहा मिनिटं ठेवायला सांगा, त्यात लाजण्यासारखं काही नाही. 20 अंशांना तीच वाईन नुसती अल्कोहोलची लागते आणि फळाचा वास हरवतो.

बोजोले म्हणजे नोव्हेंबरच्या तिसऱ्या गुरुवारी येणारी ती नूव्हो (त्याच वर्षीची ताजी वाईन) एवढंच डोक्यात असेल तर ते काढा. उत्तरेकडच्या ग्रॅनाईटच्या उतारांवर दहा क्रू (स्वतःच्या नावाने विकली जाणारी नामांकित क्षेत्रं) आहेत: सेंत-आमूर, ज्युलिएना, शेना, मुलँ-आ-व्हँ, फ्लरी, शिरूब्ल, मॉर्गों, रेन्ये, ब्रुई, कोत द ब्रुई. लेबलवर बहुधा क्रूचंच नाव मोठं असतं, 'बोजोले' दिसतही नाही, म्हणून लोक ती ओलांडून जातात. फुलांसारखी हवी तर फ्लरी, दमदार हवी तर मॉर्गों किंवा मुलँ-आ-व्हँ. शेवटच्या दोन्ही काही वर्षं ठेवूनही चालतात.

संध्याकाळी वाईन बारमध्ये ग्लासने चाखा, हलकीकडून भारीकडे: फ्लरी, मॉर्गों, मग उत्तर ऱ्होनची सें-जोसेफ, आणि खिसा परवानगी देईल तर एक ग्लास कोत-रोती. शेवटच्या दोन्ही सिराहच्या. कोत-रोतीत कायद्याने 20 टक्क्यांपर्यंत पांढरी व्हिओनिए मिसळता येते. बरेच जण ती थोडी घालतात आणि त्यानेच तिला तो जर्दाळूसारखा वास येतो. हीच व्हिओनिए एकटी चाखायची तर काँद्रिय. क्रम उलटा केलात तर सिराहनंतर फ्लरी पाण्यासारखी लागेल, आणि दोष फ्लरीचा नसेल.

---

सावकाश

वरचं सगळं पटलं. फूर्व्हिएरबद्दल मात्र अजून कोणी बोललं नाही, आणि तिथे वेळ चुकली की दृश्यच हरवतं. टेकडी शहराच्या पश्चिमेला आहे, म्हणजे सकाळी सूर्य थेट डोळ्यांत, खाली नुसतं धुकट. दुपारी 4 नंतर ऊन पाठीमागून येतं, लाल कौलं आणि दोन्ही नद्या उजळतात. हवा अगदी स्वच्छ असेल तर क्षितिजावर माँ ब्लाँही दिसतो. म्हणून फूर्व्हिएर संध्याकाळी.

जेवण 2 ला संपेल. तेरोवरच ललित कला संग्रहालय आहे, जुन्या बेनेडिक्टिन मठात. दोन तासांत सगळं होत नाही, तेव्हा एकच मजला निवडा. पोट जड असेल तर नुसत्या अंगणातल्या बागेत बसा, तिथे तिकीट लागत नाही. चौकातल्या चार घोड्यांच्या कारंज्याचा शिल्पकार बार्तोल्दी, स्वातंत्र्यदेवीचा पुतळा करणारा. कारंजं आधी बोर्दोसाठी योजलेलं होतं.

4 च्या सुमारास सॉन ओलांडून जुन्या ल्योंमध्ये या. इथली सगळ्यात लांब त्राबूल 54, र्‍यू सें-जाँपासून 27, र्‍यू द्यु बफपर्यंत जाते, पाच अंगणांतून. दार बंद निघालं तर हळहळू नका, सकाळची कूर दे व्होरास झालेली असेल. मग कॅथेड्रलशेजारच्या स्टेशनवरून फ्युनिक्युलर. इथे दोन मार्ग सुटतात, पाटी नीट बघा: एक थेट फूर्व्हिएरला, दुसरा सें-जुस्तला, ज्याच्या मिनिम थांब्याजवळ रोमन नाट्यगृह आहे. सें-जुस्तचा पकडून मिनिमला उतरा, नाट्यगृहाच्या पायऱ्यांवर बसा आणि मग थोडं चढून बॅसिलिकेच्या गच्चीवर जा. चढ अजिबात नको असेल तर उलट करा, आधी बॅसिलिका, मग उतरत नाट्यगृह. ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात सूर्यास्त सातच्या सुमाराला होतो, त्यामुळे 5 ते 6 ची वेळ सोन्यासारखी.

पॉल बोक्यूझ बाजाराबद्दल रेशीमवाट यांच्याशी मी सहमत आहे, तो त्यांनी वगळला ते बरोबर केलं. पार-द्यूपासून दहा मिनिटांवर आहे म्हणून लोक सकाळी तिथेच शिरतात, तासभर जातो, ऑयस्टर आणि चीज खाऊन भूक मरते आणि खिसाही हलका होतो. चीजवाले आणि सॉसेजवाले तिथले अव्वल आहेत, पण एकाच दिवसात क्रुआ-रूसचा रस्त्यावरचा बाजार जास्त देतो.

---

दोन_तिकिटे

खूप आभार. क्रम आता डोक्यात बसला. दोन बारक्या गोष्टी राहिल्या: संध्याकाळी जेवायला वेळ नाही, तर गाडीत खायला काय घ्यावं? आणि दिवसाचा पास काढावा का?

---

चिमटीभर

सकाळच्या बाजारात एक सें-मार्सलँ घ्या. तळहाताएवढं गोल मऊ चीज, साधारण 80 ग्रॅमचं. विक्रेता विचारेल कधी खाणार, "स स्वार" म्हणजे आज रात्री. मग तो पिकलेलं निवडून देईल. पूर्ण पिकलेलं चमच्याने खावं लागतं, म्हणून मातीच्या किंवा प्लॅस्टिकच्या छोट्या वाटीत देतात, वाटी सरळ धरा. दिवसभर पाठीवरच्या पिशवीत ते वितळेल, त्यामुळे बाकी खरेदीबरोबर लॉकरमध्ये ठेवता येत नसेल तर जरा कमी पिकलेलं घ्या. पाव संध्याकाळी जुन्या ल्योंमध्ये घ्या, सकाळचा बॅगेट (लांब पाव) रात्रीपर्यंत लाकूड होतो. सोबत तार्त ओ प्रालीनचा तुकडा. भेट द्यायला कुसें द ल्यों न्या, हिरव्या मार्झिपानमध्ये (बदामाच्या गोड लगद्यात) चॉकलेट भरलेली चौकोनी उशी, 1960 पासून मिळते. नवसाला फूर्व्हिएरवर मेणबत्ती आणि नाणं ज्या रेशमी उशीवर ठेवून नेलं, तिचा हा आकार.

पुढे विमानाने जाणार असाल तर मऊ चीज आणि वाईन दोन्हींना केबिन बॅगेत द्रवपदार्थांची मर्यादा लागू होऊ शकते. मऊ चीज तपासणीत द्रवपदार्थातच मोजतात. रेल्वेत अशी अडचण नाही.

---

रेशीमवाट

पासचं: एका तिकिटावर एक तास मेट्रो, बस, ट्राम बदलून फिरता येतं. तुमचे प्रवास तीनच: सकाळी टेकडीवर, संध्याकाळी फ्युनिक्युलर, आणि परत स्टेशन. सुटी तिकिटं आणि 24 तासांचा पास यांत फारसा फरक पडणार नाही. पर्यटकांचं सिटी कार्ड दोन-तीन संग्रहालयं बघणाऱ्यांना परवडतं, तुम्हाला नाही.

परतीला फूर्व्हिएरहून फ्युनिक्युलरने खाली, मेट्रो डी ने साक्स-गांबेता, तिथून बी ने पार-द्यू. फलाटावर उभं राहण्यासकट 40 मिनिटं धरा, लॉकरसाठी आणखी 15. तेजेव्हेची (वेगवान रेल्वेची) दारं सुटायच्या 2 मिनिटं आधी बंद होतात. म्हणून वाईन बारमधून 7:45 ला उठा, आणि तो बार जुन्या ल्योंमध्ये किंवा प्रेस्कीलवरच्या डी लाईनजवळ निवडा, क्रुआ-रूसवर नको.